शीर तीच, कोड वेगळा

आमच्या घरात हल्ली कोणालाही नुसतं “पाय दुखून राहिले” म्हणायची सोय उरलेली नाही. म्हटलं रे म्हटलं की मागच्या खोलीतून प्रश्न येतो, “कोणता पाय, बाबा? डावा, उजवा, की दोन्ही?” आपण दमून “दोन्ही” म्हणावं, तर पुढचा प्रश्न तयार असतो. “नुसते दुखतात, की सूजही आहे? जखम? कातडी लाल?” एवढी उत्तरं देईपर्यंत दुखणं तरी थांबतं, नाहीतर ते सांगण्यातला उत्साह तरी. मी आयुष्यभर पायदुखीचा उपयोग मुख्यतः भाजी आणायला जाणं टाळण्यासाठी केला. त्या कामाला दुखणं मोघम असावं लागतं. डाव्या पायाला आहे असं एकदा ठरलं की बायको म्हणते, “मग उजव्यावर जोर देऊन जा नं.”

प्रश्न विचारणारी आमची सून. ती मेडिकल कोडर आहे.

हे वाक्य प्रतापनगरात उच्चारायला सोपं आणि समजावून सांगायला महाकठीण. शेजारच्या निवृत्त बँकवाल्यांनी विचारलं, “कोडिंग म्हणजे सॉफ्टवेअर नं?” म्हटलं, “नाही, मेडिकल.” “म्हणजे डॉक्टर?” “नाही, बी. फार्म.” “अच्छा, दुकान टाकलं का?” पुढे एका लग्नात मी कंटाळून थोडक्यात आटोपलं. “सून मेडिकलमध्ये आहे,” एवढंच म्हणालो. समोरच्याचा चेहरा पडला. त्याने माझा हात हातात घेतला आणि हळूच विचारलं, “कोणत्या वार्डात?” नागपुरात मेडिकल म्हणजे मेडिकल चौकातलं सरकारी इस्पितळ, हे विसरून चालत नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी नवराबायको संत्र्यांची पिशवी घेऊन घरी हजर. सुनेनेच दार उघडलं. संत्री परत नेता येईनात आणि देताही येईनात, अशा अवस्थेत त्यांनी दोन कप चहा घेतला.

बर्डीपासून सक्करदऱ्यापर्यंत ज्या खांबांवर एकेकाळी टायपिंग-शॉर्टहँडच्या पाट्या असत, तिथे आता या कोडिंगच्या क्लासेसच्या आहेत. बी.एस्सी., बी. फार्म., होमिओपॅथी, फिजिओथेरपी, कोणीही या. शेवटी परीक्षा अमेरिकन अकॅडमी ऑफ प्रोफेशनल कोडर्सची. शंभर प्रश्न, चार तास, सत्तर टक्क्यांना पास, आणि पुस्तकं समोर उघडी ठेवायला परवानगी. माझा मेव्हणा जन्मभर शाळेत मास्तर होता, दहावीच्या केंद्रावर भरारी पथकाला तोंड दिलेला माणूस. पुस्तक उघडं ठेवूनही पोरं नापास होतात हे ऐकून तो बराच वेळ गप्प बसला. मग म्हणाला, “मग आम्ही एवढी वर्षं काहून पकडत होतो बाप्पा?” पास झालं तरी अनुभव मिळेपर्यंत पदवीपुढे ‘ए’ हे अक्षर चिकटलेलं राहतं. ए म्हणजे अप्रेंटिस, उमेदवार. आमच्या बायकोने ते अक्षर पाहिलं आणि ‘ए ग्रेड’ म्हणून मोहल्लाभर पेढे वाटून मोकळी झाली.

काम काय, तर अमेरिकेत कोणी डॉक्टरकडे गेलं की काय झालं आणि काय केलं हे डॉक्टर लिहितो. तो कागद आमच्या मागच्या खोलीतल्या पडद्यावर उमटतो. ही तो वाचते आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक उपचाराला ठरलेला कोड लावते. कोड विमा कंपनीकडे जातात. कोड पटला तर कंपनी पैसे देते, नाही पटला तर ‘डिनायल’. हे डिनायल मला ऐकताक्षणी आवडलं. मी सरकारी कचेरीत लेखा शाखेत नोकरी केली. ‘लेखाशीर्ष चुकीचे, सबब त्रुटीपूर्ततेसाठी परत’ हा शेरा लिहून लिहून माझी तीन पेनं झिजली. सातासमुद्रापार कोणीतरी केवळ एका आकड्याच्या चुकीसाठी बिल परत करून राहिलं आहे, हे कळल्यावर मला प्रथमच अमेरिका आपली वाटली.

रात्रपाळी नसते, हेही लोकांना पटत नाही. अमेरिका म्हटलं की रात्र, असा हिशेब पक्का आहे. रात्री जागतात ते विमा कंपन्यांना फोन लावून पैशांचा तगादा करणारे. कागद कुठे पळून जात नाही, तो दिवसाही वाचता येतो. पण वाचताना खोलीत दुसरं माणूस नको. १९९६ साली अमेरिकेने हिपा नावाचा कायदा केला, त्यानुसार रुग्णाची माहिती कोणालाही कळता कामा नये. आमच्या घरात सकाळी अकरा वाजता साबुदाण्याची वाटी घेऊन दार ढकलण्याची प्रथा त्याहून जुनी.

सून नेमकी बाळंतपणाचे कागद बघणाऱ्या गटात होती. बायकोचा जीव वरखाली व्हायचा.

“कितवा आहे गं तिला?”

“आई, सांगता येत नाही.”

“नाव नको सांगू. महिना तेवढा सांग.”

“आई!”

“बरं, पायावर सूज आहे का तेवढं? मेथीचे लाडू घे म्हणावं.”

अमेरिकेतली एक बाई आपल्या घरात येऊन गेली आणि आपल्याला तिचा महिनाही कळला नाही, या दुःखात बायकोने ती वाटी मला दिली.

मग सुनेलाच दिवस गेले, आणि घरातली माहितीची टंचाई संपली. पाचव्या महिन्याच्या सुमारास तिच्या डाव्या पोटरीवर निळसर शिरा वर आल्या. संध्याकाळी पाय जड, रात्री गोळे. आम्ही धंतोलीत डॉक्टरीणबाईंकडे गेलो. धंतोलीत डॉक्टर पावलोपावली मिळतो, गाडी लावायला जागा मिळत नाही. मुलगा चकरा मारत राहिला, आम्ही तिघं आत गेलो.

डॉक्टरीणबाई समजावून सांगणाऱ्यांपैकी. त्या म्हणाल्या, “गरोदरपणात अंगातलं रक्त चाळीस-पन्नास टक्क्यांनी वाढतं. त्यात प्रोजेस्टेरॉनने शिरांच्या भिंती सैल पडतात. वरून गर्भाशयाचा भार पोटातल्या मोठ्या शिरेवर. म्हणजे कसं, धनत्रयोदशीच्या संध्याकाळी बर्डीवर गाड्या दुप्पट आणि रस्ता अर्धा. मग गाड्या कुठे तुंबतील? मागच्या गल्लीत. तुमची पोटरी म्हणजे ती मागची गल्ली.” बायकोला हे फार पटलं. ती म्हणाली, “तरीच. आणि डावाच पाय काहून?” तर डाव्या पायाकडून येणारी मोठी शीर ओटीपोटात एका धमनीच्या खालून जाते, तिथे ती आधीच जरा दबलेली असते. उपाय साधे. फार वेळ एका जागी उभं राहायचं नाही, बसायचंही नाही, थोडं चालायचं, पाय उंचावर ठेवायचे, डाव्या कुशीवर झोपायचं, आणि घट्ट मोजे. एकाच पायाला अचानक सूज आली, दुखू लागला, लाल आणि गरम झाला, तर मात्र घरगुती शेक-लेप न करता तडक यायचं, कारण ती रक्ताची गुठळी असू शकते. हे त्यांनी दोनदा सांगितलं, दुसऱ्यांदा बायकोकडे बघून. बायकोच्या पर्समध्ये तेलाची बाटली आहे हे त्यांना कसं कळलं कोण जाणे.

त्यांनी कागदावर अडीच ओळी लिहिल्या. लिफ्टमध्ये सूनबाईने तो कागद वाचला आणि तिच्या कपाळाला आठी पडली.

“बाबा, हे कोड होणार नाही.”

“कोणाला करायचं आहे?”

“कोणालाच नाही. पण होणार नाही.”

इथून आमच्या घरात ओ२२ चं राज्य सुरू झालं. गरोदरपणातल्या शिरांच्या तक्रारी आणि मूळव्याध, सगळं बिऱ्हाड या ओ२२ च्या वाड्यात. ओ२२.० म्हणजे पायांच्या फुगलेल्या शिरा, ओ२२.२ म्हणजे वरच्या शिरेची सूज, ओ२२.३ म्हणजे खोल शिरेतली गुठळी, ओ२२.४ म्हणजे मूळव्याध. हा ओ अक्षर आहे, शून्य नव्हे. शून्य टाकलं की दावा परत. झिरो माइलच्या गावात राहून मला शून्याची एवढी धास्ती कधी वाटली नव्हती.

आता यातली गंमत बघा. साध्या, म्हणजे गरोदर नसलेल्या माणसाच्या फुगलेल्या शिरांचा कोड आहे आय८३. तिथे डावा, उजवा, दोन्ही, सूज, जखम, दुखणं, सगळी चौकशी होते. मूळव्याधीचा के६४, तिथे पहिल्या अंशापासून चौथ्या अंशापर्यंत पायऱ्या. आणि बाई गरोदर राहिली की हे सगळे प्रश्न एकदम बंद. पाय कोणताही असो, अंश कितीही असो, फक्त तिमाही सांगा. म्हणजे ज्या बाईला खरोखर त्रास आहे तिला पाय विचारत नाहीत, आणि मी भाजी टाळण्यासाठी कण्हलो की माझी उलटतपासणी. मी हे सूनबाईला म्हटलं. ती म्हणाली, “नियम मी नाही बनवले.” हे वाक्य मी स्वतः कचेरीच्या खिडकीतून इतक्या लोकांना ऐकवलं आहे, की पुढे बोलायला तोंडच राहिलं नाही.

नियम बनवले कोणी, हे मी शोधून काढलं. निवृत्त माणसाला वेळ असतो. १८९३ साली झाक बर्तिलाँ नावाच्या पॅरिसच्या सांख्यिकी अधिकाऱ्याने शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. याचा सख्खा भाऊ आल्फोन्स पॅरिसच्या पोलिसांत होता, तो गुन्हेगारांचे कान, डोकं, हाताची बोटं मोजून नोंदवहीत ठेवायचा. एक भाऊ चोरांची वर्गवारी करतोय, दुसरा मेलेल्यांची. रात्री जेवताना त्यांच्या आईची काय अवस्था होत असेल! पुढे १९४८ मध्ये ती यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि सहाव्या आवृत्तीपासून मरणाबरोबर नुसत्या आजारांनाही प्रवेश मिळाला. अमेरिकेने तिला आपल्या हौसेने मोगरी मारून पसरवली. त्यांच्या नवव्या आवृत्तीत चौदा हजारांच्या आसपास कोड होते. १ ऑक्टोबर २०१५ ला दहावी लागू झाली आणि ते सत्तर हजारांच्या घरात गेले. दर १ ऑक्टोबरला त्यात भर पडते. आमच्याकडे तेव्हा दसऱ्याची झाडलोट चालू असते आणि ही मागच्या खोलीत नवे कोड पाठ करत असते.

खरं महाभारत तिमाहीवरून झालं. पुस्तकाप्रमाणे १४ आठवडे पुरे होईपर्यंत पहिली, २८ पुरे होईपर्यंत दुसरी, पुढे बाळंत होईपर्यंत तिसरी. २७ आठवडे ६ दिवस म्हणजे अजून दुसरीच. आमच्या घरात आठवड्यांचा काहीही संबंध नव्हता. बायको म्हणे, “सातवा लागला.” व्याहीणबाई वर्ध्याहून फोनवर म्हणत, “लागला कुठे, सहा भरले आहेत.” मुलगा मोबाइलमधल्या ॲपवर बाळ आज पपईएवढं झालं की वांग्याएवढं ते बघून सांगे. डोहाळजेवणाची तारीख ठरेना. शेवटी सूनबाई म्हणाली, “२६ आठवडे ४ दिवस.” दोन्ही आयांनी एकाच वेळी विचारलं, “म्हणजे कितवा?”

मी मध्ये पडून सांगितलं की आपले नऊ महिने नऊ दिवस म्हणजे २८३ दिवसांच्या आसपास आणि पुस्तकातले ४० आठवडे म्हणजे २८०, फरक तीन दिवसांचा, भांडता कशाला? दोघींनी एकमेकींना विचारलं की यांना कोणी विचारलं होतं का. डोहाळजेवणावर तरी दोघींचं एकमत झालं, याचं श्रेय मी घेतो.

मग २८ आठवडे पुरे होण्याची ती रात्र आली. रात्री झोपली तेव्हा सूनबाई ओ२२.०२ होती, सकाळी उठली तर ओ२२.०३. शीर तीच, पोटरी तीच. मुलाने पहाटे उठून तिचा पाय निरखून पाहिला, काही फरक पडला का म्हणून. त्याला वाटत होतं रंग तरी बदलेल.

एके दिवशी जेवताना सूनबाई बोलून गेली की शिरांचा ओ लागला की त्याच कागदावर ‘सामान्य गरोदरपणाची देखरेख’ हा झेड३४ लावता येत नाही. बायकोचा हात वरणात थांबला. “म्हणजे आपलं नॉर्मल नाही?” “नॉर्मलच आहे, आई. फक्त कोड नॉर्मलचा नाही.” “माझ्या सुनेचं नॉर्मल नाही म्हणणारे हे कोण टिकोजीराव? बोलव फोनवर!” अमेरिकेच्या आरोग्य खात्याचा नंबर नाही, हे पटवायला ताक वाढेपर्यंत वेळ गेला.

पण त्याच पुस्तकातल्या दुसऱ्या एका नियमाने बायकोचं मन जिंकलं. गरोदर बाईला जे काही होईल ते गरोदरपणाशीच संबंधित धरायचं. तसं नाही, हा आजार आपला सहज बाजूने आलेला आहे, असं डॉक्टरने स्पष्ट लिहिलं तरच वेगळं. सिद्ध करायची जबाबदारी डॉक्टरची. बायको म्हणाली, “हे तर माझ्या मावशीने न शिकता सांगितलं असतं.” खरंच आहे. सुनेला शिंक आली तरी आमच्याकडे “असं होतंच या दिवसांत” हा निकाल त्याक्षणी लागायचा. तिचा मोबाइल हरवला तेव्हाही लागला.

मोज्यांचं प्रकरण मेमध्ये आलं. नागपूरचा मे, पारा पंचेचाळीसच्या वर, कूलरची खस सुकून कडकडीत, आणि डॉक्टरीणबाईंचा हुकूम की सकाळी पलंगावरून उतरायच्या आधी, शिरा भरायच्या आत, हे मांडीपर्यंतचे घट्ट मोजे चढवायचे. त्या मोज्यांत जाणारा पाय आपला असला पाहिजे एवढं पुरत नाही, ताकद दुसऱ्याची लागते. सुनेला पोटामुळे वाकता येईना. तेव्हा रोज सकाळी सहा वाजता मुलगा जमिनीवर बसून, दात-ओठ खात, हातात रबरी मोजे घालून, ते मोजे ओढायचा. एका सकाळी दार उघडं राहिलं आणि त्याची आई चहा घेऊन आत गेली. वंशाचा दिवा सुनेच्या पायाशी लोटांगण घालून “अजून थोडं, अजून थोडं” म्हणतोय, हे दृश्य तिला काहीही तयारी नसताना बघावं लागलं. ती चहासकट परत आली, माझ्यासमोर बसली आणि म्हणाली, “तुम्ही कधी माझ्या पायाला हात लावला होता?” मी वर्तमानपत्र उघडलं. वर्तमानपत्र कालचं होतं.

कोडरचा एक धर्म आहे: कागदावर लिहिलेलं नाही ते झालेलंच नाही. पाय हत्तीएवढा सुजलेला दिसला तरी डॉक्टरने लिहिलं नसेल तर कोडरसाठी तो सडपातळ. शंका आली तर डॉक्टरला लेखी विचारायचं, त्याला ‘क्वेरी’ म्हणतात. आणि विचारताना उत्तर सुचवायचं नाही. “गुठळी आहे नं?” असं विचारणं हा गुन्हा. “निष्कर्ष स्पष्ट करावा” असं कोरडं विचारावं लागतं. हा नियम घरात लागू करायचा सुनेने प्रामाणिक प्रयत्न केला. आमच्या नातलग बायकांचे प्रश्न सगळेच उत्तर सुचवणारे. “थकून गेली असशील नं?” “मुलगाच वाटते नं पोटाच्या ठेवणीवरून?” “पाय असे झाले म्हणजे भात फार खाते नं?” सूनबाई शांतपणे म्हणायची, “मावशी, हा प्रश्न नियमात बसत नाही.” मावशी घरी जाऊन सांगायची, पोरगी चांगली आहे हो, पण दिवसांमुळे जरा चिडचिडी झाली आहे. म्हणजे पुन्हा ओ.

मी मात्र तिच्या त्या जाडजूड पुस्तकाचा नाद लावून घेतला होता. गाय चावली तर डब्ल्यू५५.२१, गायीने धडक दिली तर डब्ल्यू५५.२२. प्रतापनगरात राहणाऱ्या माणसाला दुसरा रोज लागावा. कूलरचा शॉक बसला तर घरगुती विद्युत उपकरणांचा डब्ल्यू८६.०, म्हणजे मार्च ते जून अख्खं नागपूर एका ओळीत. अशी पानं उलटत असताना एका पानावर पिवळ्या शाईने अधोरेखित केलेली ओळ दिसली. झेड६३.१. सासरच्या मंडळींशी संबंधांत अडचणी.

मी पुस्तक मिटलं. मग परत उघडलं. शाई तशीच होती. बायकोला दाखवू नये असं ठरवलं आणि लगेच दाखवलं. संध्याकाळपर्यंत घरात कोणी मोठ्याने बोललं नाही. भाजीत मीठ जास्त झालं, तरी दोघांनी “छान झाली” म्हटलं. अखेर सूनबाईनेच विचारलं काय झालं, आणि पुस्तक पुढे केल्यावर ती इतकी हसली की बायको घाबरून “पोट सांभाळ” म्हणाली. “अहो बाबा, क्लासमध्ये सांगितलं होतं, लक्षात ठेवा म्हणून खूण केली.” यात लक्षात ठेवण्यासारखं काय, तर एरवी निदान डॉक्टरनेच लिहावं लागतं, पण या घरगुती अडचणींच्या कोडांना रुग्णाने स्वतः सांगितलेलंही चालतं, दवाखान्यातल्या जबाबदार माणसाने ते नोंदवून घेतलं म्हणजे झालं. बायको विचारात पडली. “म्हणजे सून नुसती म्हणाली तरी पुरे? पुरावा नाही, काही नाही?” “हो.” “आणि सासूला सुनेचा त्रास असेल तर?” पुस्तक पुन्हा उघडलं. सून म्हणजेही नात्याने सासरचीच, असा अर्थ निघू शकतो, असं दोघींनी मिळून ठरवलं. त्या दिवशी त्यांच्यात जेवढं सख्य पाहिलं तेवढं मी नंतर फक्त माझ्या विरोधात पाहिलं आहे.

जूनच्या शेवटी नात झाली. पहिला पाऊस, वीज गेलेली, धंतोलीत गुडघाभर पाणी. मुलाला गाडी लावायला जागा मात्र पहिल्यांदाच मिळाली, कारण बाकी कोणी आलंच नव्हतं. तिसऱ्या दिवशी सूनबाईने सांगितलं की आईचे ओ कोड बाळाच्या कागदावर कधीच लावायचे नसतात. “जन्मल्या जन्मल्या वेगळी चूल?” बायको म्हणाली आणि नातीला आणखी घट्ट गुंडाळलं.

बाळंतपणानंतरच्या फुगलेल्या शिरांना ओ८७.४. हा कोड चालतो सहा आठवडे. आमचा सव्वा महिना त्याच्या चार-पाच दिवस आधी संपतो, तेव्हा यावर दोन्ही आया आणि अमेरिका यांच्यात मतभेद झाले नाहीत. शिराही हळूहळू बसल्या. बहुतेकींच्या बसतात, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या. मोजे धुऊन गच्चीवर वाळत घातले होते, ते वानरांनी नेले.

सगळ्यांच्या बसत नाहीत. नातीला तेल लावायला बायको पाट घेऊन बसली होती, साडी जरा वर सरकली होती. सूनबाईचं लक्ष तिच्या पायांकडे गेलं. पोटऱ्यांपासून घोट्यापर्यंत गाठी गाठी, घोट्याजवळची कातडी काळवंडलेली.

“आई, हे कधीपासून?”

“कधीपासून म्हणजे? तुझ्या नवऱ्याच्या वेळेपासून.”

“कोणाला दाखवलं होतं?”

“दाखवायचं काय त्यात? असं होतंच त्या दिवसांत.”

“कोणता पाय जास्त?”

बायकोने थोडा विचार केला. “ओट्याशी उभी असले की डावा. रांगेत उभी असले की उजवा.”

सूनबाईने तोंडातल्या तोंडात हिशेब केला. ओ२२ नाही, ते दिवस गेले. ओ८७ नाही, सहा आठवडे कधीच उलटले. राहिला आय८३, आणि त्यात सूज, दुखणं, कातडी, दोन्ही पाय, सगळं लिहिता येणार. फक्त ते कुठेही लिहिलेलं नव्हतं. त्याच आठवड्यात दोघी धंतोलीला गेल्या. सोनोग्राफी झाली, मोजे आले, आणि हुकूम निघाला की ओट्याशी फार वेळ उभं राहायचं नाही. मोजे चढवायची जबाबदारी माझ्याकडे आली. ओट्याचीही. मी म्हणालो, मलाही पाय आहेत. मला सांगण्यात आलं की माझ्या पायांची कुठेही नोंद नाही.

आता सकाळी मी पोह्यांना फोडणी देतो, तर्री जळते, नात रडते, आणि दोघी दिवाणावर पाय उशीवर ठेवून माझ्याकडे बघत पुस्तक चाळत असतात. परवा त्यांना झेड७२.३ सापडला. शारीरिक व्यायामाचा अभाव.

“हा यांच्या नावावर टाक,” बायको म्हणाली.

“आई, डॉक्टरने लिहायला पाहिजे.”

“मग धंतोलीला नेऊ यांना. काय लिहायचं ते मी सांगते, त्यांनी फक्त सही करावी.”

“ती क्वेरी होत नाही, आई. तुम्ही उत्तर सुचवून राहिल्या.”

“सुचवून नाही राहिली गं,” बायको म्हणाली, “पस्तीस वर्षांचा रेकॉर्ड देऊन राहिली.”